मार्स हिलवरचे मंगळवासी

दोस्तांनो, मंगळावरची माणसं पाहायची आहेत? मग अवकाशयानाची काही गरज नाही. चला अमेरिकेतल्या ॲरिझोना राज्यात, फ्लॅगस्टाफ गावी. हे गाव सुमारे सात हजार फूट उंचीवर आहे, म्हणजे आपल्या महाबळेश्वरच्याही अडीच हजार फूट वर! गावाच्या पश्चिमेला पाइनच्या झाडांनी झाकलेली एक टेकडी आहे. तिचं नाव मार्स हिल, अर्थात मंगळाची टेकडी. मंगळवासीयांचा सगळा संसार थाटला गेला तो इथेच.

चढ चढून वर आलात की एक लाकडी घुमट दिसेल. आत आहे लांबलचक दुर्बीण, १८९६ साली बनलेली, चोवीस इंची भिंगाची. हा घुमट गोल फिरतो कशावर, ठाऊक आहे? १९५४ सालच्या फोर्ड ट्रकच्या टायरांवर!

ही वेधशाळा उभारली पर्सिव्हल लॉवेल या बॉस्टनच्या धनवान गृहस्थांनी, १८९४ साली, स्वतःच्या पैशाने. पण गोष्ट सुरू होते त्याच्याही आधी, इटलीत. १८७७ साली मंगळ पृथ्वीच्या बराच जवळ आला होता. तेव्हा मिलानच्या शियापारेल्ली या खगोलशास्त्रज्ञांना मंगळावर बारीक रेषा दिसल्या. त्यांना त्यांनी 'कानाली' म्हटलं. इटालियनमध्ये या शब्दाचा अर्थ ओहोळ असाही होतो आणि कालवा असाही. इंग्रजीत मात्र त्याचा कालवाच झाला. आता बघा हं, ओहोळ आपोआप वाहतो, पण कालवा कुणीतरी खणावा लागतो. मग मंगळावर तो खणला कुणी?

लॉवेलसाहेब रात्रीमागून रात्री दुर्बिणीला डोळा लावून बसले. त्यांना शेकडो रेषा दिसल्या. त्यांनी नकाशे काढले, १८९५, १९०६ आणि १९०८ साली पुस्तकं लिहिली आणि एका संपूर्ण समाजाचा इतिहासच मांडला. तो असा :

मंगळ पृथ्वीपेक्षा लहान, म्हणून लवकर थंड झाला आणि लवकर म्हाताराही झाला. समुद्र आटले, वाळवंट पसरलं. पाणी उरलं ते फक्त ध्रुवांवरच्या बर्फात. वसंतात ते बर्फ वितळलं की मंगळवासी ते पाणी कालव्यांनी विषुववृत्तापर्यंत नेतात. दुर्बिणीतून दिसतो तो कालवा नव्हे, तर त्याच्या दोन्ही काठांवरच्या हिरवळीचा पट्टा. मंगळावर वजन पृथ्वीच्या तिसऱ्या हिश्श्याहून थोडंसंच जास्त भरतं, तेव्हा खोदकामही सोपं. आणि पाण्याचं जाळं साऱ्या ग्रहाचं मिळून एकच, म्हणजे तिथे आपसांत लढाया नसणार! आपल्याकडे दोन गावांची एका पाटावरून भांडणं होतात आणि तिथे सबंध ग्रह एकोप्याने पाणी वाटून घेतोय. हे जीव माणसांसारखेच दिसत असतील असं मात्र लॉवेल म्हणत नव्हते.

किती सुंदर कल्पना, नाही? लोकांना ती फार आवडली. पण इतर अनेक शास्त्रज्ञांना रेषा दिसेनात. लॉवेल म्हणत, ''तुमच्याकडची हवा चांगली नाही!''

मग १९०३ साली इंग्लंडमध्ये एक मजेदार प्रयोग झाला. मॉण्डर आणि इव्हान्स या दोघांनी ग्रिनिचच्या एका शाळेतल्या मुलांना मंगळाचं चित्र दाखवून ते उतरवून काढायला सांगितलं. चित्रात एकही कालवा नव्हता, होते ते नुसते ठिपके आणि बारीक खुणा. पण थोड्या लांब बसलेल्या मुलांनी चक्क सरळ रेषा काढल्या! डोळ्याला पुसट ठिपके दिसले की मेंदू ते जोडून टाकतो, तसंच झालं. १९०९ साली फ्रान्समधल्या मोठ्या दुर्बिणीतून अँतोनियादींनी पाहिलं, तर रेषांच्या जागी वेडेवाकडे डाग. आणि १९६५ च्या जुलैत 'मरिनर ४' यानाने जवळून फोटो पाठवले. त्यांत होती विवरं आणि ओसाड जमीन. कालवे नव्हते.

म्हणजे लॉवेल खोटारडे होते का? मुळीच नाही. जे दिसलं तेच त्यांनी काढलं. पण १८९४ च्या मे महिन्यात, इथून मंगळ पाहायला सुरुवात करण्याआधीच, त्यांनी बॉस्टनच्या व्याख्यानात सांगून टाकलं होतं की, हे काम बुद्धिमान जीवांचं असावं. उत्तर आधी ठरलं आणि डोळे मागून आले. चूक झाली ती इथे.

१९१६ साली लॉवेल वारले. घुमटाशेजारीच त्यांची समाधी आहे, ग्रॅनाइटची, वर निळ्या काचेचा घुमट असलेली. तिथे क्षणभर थांबा, कारण टेकडीची गोष्ट अजून संपली नाही. याच दुर्बिणीने स्लायफर यांनी १९१२ पासून दूरच्या दीर्घिकांचे वेग मोजले. बहुतेक सगळ्या आपल्यापासून दूर पळताना आढळल्या. विश्व प्रसरण पावतं, या शोधाच्या पायातला एक दगड तो. आणि १९३० साली याच टेकडीवर क्लाइड टॉमबॉ या चोवीस वर्षांच्या शेतकऱ्याच्या मुलाने प्लुटो शोधला. काही दिवसांच्या अंतराने घेतलेले दोन फोटो ताडून पाहिले, तर एक ठिपका सरकलेला! २००६ पासून प्लुटोला बटुग्रह म्हणतात, पण तो ठिपका खरा होता. फोटो कुणीही तपासून पाहावा. लॉवेलांच्या रेषांची अशी पडताळणी करायला गेलं की त्या विरून जात.

आणखी एक गंमत ऐका. १९७१ साली 'मरिनर ९' मंगळाभोवती फिरू लागलं, तेव्हा तिथे कोरड्या नद्यांची पात्रं सापडली. मंगळावर पाणी एके काळी वाहत होतं! म्हणजे ओहोळ होते, कालवे नव्हते. २०१४ च्या सप्टेंबरमध्ये आपलं मंगळयानही त्याच मंगळाच्या कक्षेत पोहोचलं.

आता एक काम करा. कागदावर शाईचे बारीक ठिपके इकडे तिकडे टाका, भिंतीवर लावा आणि मित्राला लांब उभं करून चित्र काढायला सांगा. 'रेषा आहेत' असं त्याला आधी अजिबात सांगू नका हं! मग दुसऱ्या मित्राला मात्र तसं सांगून बघा. दोघांची चित्रं शेजारी शेजारी ठेवली की मंगळवासी कुठून आले असतील, ते तुमचं तुम्हीच ठरवा.