वगळलेली गाणी

‘सिस्टिम ऑफ अ डाउन’ या हेवी मेटल बँडची गाणी ऐकणाऱ्या नांदेड-लातूरकडील आमच्या तरुणांना घरची वडीलधारी मंडळी ‘सैतानाचे संगीत’ म्हणून दटावतात. गोंगाट आहे, हे आम्हांसही मान्य आहे. परंतु हे चौघे कलावंत आर्मेनियन वंशाचे आहेत, म्हणजे १९१५ साली ज्या ख्रिस्ती समाजाची कत्तल झाली त्याची लेकरे. पोप फ्रान्सिस यांनी १२ एप्रिल २०१५ रोजी त्या संहारास विसाव्या शतकातील पहिला वंशसंहार म्हटले. हे चौघे १९९८ च्या पहिल्याच अल्बममध्ये तो गात होते.

२००१ च्या ‘टॉक्सिसिटी’तून मागे राहिलेली त्यांची गाणी कोणीतरी अर्धवट अवस्थेतच पसरवली. तेव्हा बँडने ती पूर्ण करून नोव्हेंबर २००२ मध्ये ‘स्टील धिस अल्बम!’, म्हणजे ‘हा अल्बम चोरा!’, या नावाने प्रसिद्ध केली. गाणी सोळा, वेष्टन घरी उतरवून घेतलेल्या सीडीसारखे, हस्ताक्षरातले. त्यातील ‘बूम!’ हे गाणे बाँबवर उधळलेला पैसा आणि उपाशी मरणारी मुले समोरासमोर उभी करते. त्याच्या चित्रफितीत मायकेल मूर यांनी १५ फेब्रुवारी २००३ चे युद्धविरोधी मोर्चे दाखविले आहेत.

अशी मागे राहिलेली गाणी मराठवाड्यातही आहेत. ४ ऑगस्ट १९७८ रोजी नांदेड जिल्ह्यातील टेंभुर्णी येथे पोचिराम कांबळे यांची हत्या झाली. विद्यापीठास बाबासाहेबांचे नाव मिळण्यास १४ जानेवारी १९९४ उजाडावा लागला. मधल्या वर्षांत गायनपार्ट्यांनी नामांतराची गाणी वस्तीवस्तीतून नेली. छापली गेली थोडी, वह्यांत राहिली पुष्कळ. पोचिराम मातंग समाजाचे. आमच्या धर्मग्रामांतील कितीतरी कुटुंबे त्याच समाजातून आलेली. तरी मिस्साच्या गीतांत त्या वर्षांची आठवण आम्हांस कधी ऐकू आली नाही.

क्रोधाचे शब्द वगळण्याची सवय तशी जुनीच. धर्मगुरूंच्या नित्य प्रार्थनाग्रंथातून १९७१ साली ५८, ८३ आणि १०९ ही स्तोत्रे पूर्णपणे गळली. बाबेलच्या नद्यांकाठी रडणाऱ्यांच्या १३७ व्या स्तोत्राचा शेवटही गळला. बायबलमध्ये मात्र ती सारी जागच्या जागी आहेत.

गायनपार्ट्यांच्या वह्या कोणाच्या ट्रंकेत अजून असतील, तर त्या उतरवून घेण्याचे काम आम्ही याच तरुणांवर सोपवू. मोबाइलवर ध्वनिमुद्रण त्यांना येते, आणि गोंगाटाचे त्यांना भय नाही.