अर्धी फाईल

कपाट आवरताना परवा एक जुनी सीडी हाती आली. वर माझ्याच अक्षरात लिहिलेले : 'चॅप्लिन – अपुरी, २००१'. वाचले आणि तिथेच फरशीवर बसलो.

आजच्या विद्यार्थी-मित्रांना सांगून पटणार नाही, पण त्या वेळी इंटरनेट टेलिफोनच्या तारेतून येत असे. मोडेम आधी किंचाळे, मग खरखरे, आणि मग एकदाचे जग जोडले जाई. तेवढा वेळ घरचा फोन मात्र बाहेरच्यांना 'एंगेज'! सेकंदाला चार-साडेचार किलोबाइट आले तरी नशीब. १९९९ साली निघालेल्या नॅप्स्टरवर गाणीच मिळत; पुढच्या वर्षी नुटेला आले आणि चित्रफितीही मिळू लागल्या. मध्ये दुकान नाही, कचेरी नाही. कुठल्याशा देशातल्या अनोळखी माणसाच्या यंत्रातली वस्तू थेट माझ्या यंत्रात! ही चोरी असू शकते, हे आम्हा पोरांच्या मनातही येत नसे. २००१च्या जुलैत कोर्टकज्ज्यात नॅप्स्टर बंद पडले, तेव्हा आम्ही नावे ठेवली ती कोर्टालाच.

मला हवा होता 'द गोल्ड रश'मधला पावांचा नाच. सापडलेल्या फितीत आधी बूट खाण्याचा प्रसंग होता, मग तो नाच. एमपेग-१ची फाईल, म्हणजे व्हीसीडीवर असते तीच जात. चित्र ३५२ बाय २४० ठिपक्यांचे, पोस्टकार्डाएवढे. नऊ मिनिटांचे ९० मेगाबाइट. हिशेब केला : सहा तास. दिवाळीच्या सुट्टीत एका रात्री बाराला उतरवायला लावली.

पावणेतीनला शेजारच्या काकांनी दार ठोठावले. त्यांच्याकडे सांगलीहून फोन आला होता. आत्याच्या छातीत दुखत होते. आतेभाऊ साडेबारापासून आमचा नंबर फिरवत होता. बाबांनी धावत जाऊन रिसीव्हर उचलला. आत मोडेमची किरकिर. क्षणभर तो तसाच कानाशी धरून त्यांनी माझ्याकडे पाहिले. फाईल तुटली.

पुण्याहून गाडी करून बाबा साडेआठला पोचले. आत्या सातच्या सुमारास गेली होती. त्यावरून ते मला कधीच काही बोलले नाहीत. बोलले असते तर बरे झाले असते.

तुटलेली फाईल पुढे जोडून घेता येत असे. मी घेतली नाही, पुसलीही नाही. का, कोण जाणे!

परवा ती लावून पाहिली. सीडी घालायचे यंत्रसुद्धा उसने आणावे लागले. पण व्हीएलसीवर चालली. ही एमपेगची जात मोठी सोशीक. माल अर्धा असला तरी असेल तेवढा दाखवते. चॅप्लिन बुटाची नाडी शेवयांसारखी काट्याला गुंडाळतो, तोंडात घालतो. साडेचार मिनिटे होतात न होतात तोच चित्र थिजते.

बाबा कधी मागे येऊन उभे राहिले, कळले नाही.

"थांबलं का रे? पुढचं लाव की."

"पुढचं आलं नाही, बाबा."

"बरं," ते म्हणाले. "मग पहिल्यापासून लाव."