पालखी आणि पडदा

आमचे घराणे तीन पिढ्यांपासून वडोदऱ्याचे. परंतु कुलदेव गोव्याचा, श्रीमंगेश. दर सोमवारी संध्याकाळी तेथे पालखी निघते. त्या वेळी माझी आई घरच्या देव्हाऱ्यापुढे समई लावून बसे. प्रत्यक्ष पालखी तिने पाहावयाची ती दोन वर्षांतून एकदा, माझ्या रजेच्या हिशेबाने.

31 जुलै 1995 रोजी या देशात पहिले मोबाईल संभाषण झाले आणि 15 ऑगस्टला इंटरनेट सर्वांस खुले झाले. ही दोन्ही पुढे एकाच यंत्रात नांदतील, असे तेव्हा माझ्या मनातही आले नव्हते. मग जीपीआरएस आले. माहितीचे लहान लहान तुकडे संभाषणाच्याच जाळ्यातून येत आणि पैसे किलोबाइटच्या मापाने मोजावे लागत. 2007 साली भाच्याने मंगेशीच्या दीपस्तंभाचे चित्र धाडले. ते पूर्ण उतरेपर्यंत आई हात जोडून उभी होती.

2008 च्या डिसेंबरात दिल्लीत 3जी सुरू झाले, 2012 साली कोलकात्यात 4जी. 2016 च्या सप्टेंबरात जिओ बाजारात उतरली आणि दर असे कोसळले की भाचा दर सोमवारी पालखी चालतीबोलती दाखवू लागला.

"देव दिसलो रे पुता!" आई म्हणाली.

तिच्या त्या आनंदात मला माझी सोय दिसली. "आई, आता घरबसल्या दर्शन होते, एवढा प्रवास कशाला?" असे मी म्हणालो. ती काहीच बोलली नाही. 2020 साली टाळेबंदीत देवालयांची दारे भक्तांस बंद झाली. ती उघडली तेव्हा तिचे पाय चालेनासे झाले होते. 2022 च्या श्रावणात ती गेली. त्याच वर्षी 1 ऑक्टोबरला 5जीचा आरंभ झाला.

पुढे मी एकटाच मंगेशीस गेलो. पालखी येताच सभोवती मोबाईल उंचावले. मला त्यांचा राग येईना. दोष यंत्राचा नव्हता. मीही वडोदऱ्यास मावशीला पालखी दाखविली. ती डोळे पुसत म्हणाली, "तुझी आई असती तर!"

पालखी पुढे सरकली. मी यंत्र खिशात घातले. घरी परतल्यावर पहिले काम केले ते माघातल्या जत्रेसाठी दोन तिकिटे काढण्याचे. एक माझे, एक मावशीचे.