भोक पडलेली वाटी

गुहागरात जुना बाजार भरत नाही. पुण्यात तो बुधवारी आणि रविवारी भरतो, मुंबईत मटण स्ट्रीटचा चोरबाजार आहे, गोव्यात हणजुण्याला हंगामात दर बुधवारी समुद्राकाठी दुकानं मांडतात. आमच्याकडे व्याडेश्वराच्या देवळापासून वरचा पाट, खालचा पाट सगळा पालथा घातलात तरी नारळ मिळतील, सुपारी मिळेल, आमसुलं मिळतील; जुन्या वस्तू मांडून बसलेलं कुणी दिसणार नाही. आणि तरी त्या मोठ्या बाजारांत ‘कोकणातला माल’ म्हणून जे विकलं जातं, ते आमच्याच माळ्यांवरून, फडताळांतून आणि पडव्यांतून गेलेलं असतं. त्या बाजारांतही मी हिंडते. पण माझी खरी शोधाशोध चालते ती वस्तू गाडीत चढायच्या आधी.

गाडीत चढण्याचा हंगाम ठरलेला आहे. चाकरमानी मे महिन्यात येतात, नाहीतर गणपतीत. वर्षभर कुलपात असलेलं घर उघडतं. वासे वाळवीने खाल्लेले असतात, सातबारावर चुलत-मावस मिळून डझनभर नावं असतात, आणि दुरुस्तीचा खर्च कुणी उचलायचा यावर एकमत होत नाही. मग एक दिवस ठरतं, घर उतरवायचं. सागाचे खांब आणि दरवाजे लाकूडवाला नेतो. त्यातले काही पुढे जोगेश्वरीच्या ओशिवरा बाजारात पॉलिश लावून उभे राहतात. कौलं आणखी कुणी नेतो. ती नेण्याआधी उलटी करून पाहावीत. मंगळूरला बासेल मिशनने १८६५ साली कौलांचा कारखाना काढला, त्यामागून तिथे आणखी कारखाने निघाले, आणि त्यांची नावं कौलांवर उठवलेली असतात. गलबतांतून ही कौलं आमच्या किनाऱ्यावर उतरत. तांब्या-पितळेची मोठी भांडी मोडीत जातात. आणि कुणालाच नको असलेलं जे उरतं ते जातं भंगारवाल्याकडे, शृंगारतळीला किंवा चिपळूणला. माझा सगळा जीव या उरलेल्यात.

पिशवीत मी एक लोहचुंबक, एक भिंग, दात घासायचा जुना ब्रश आणि ओलं फडकं ठेवते. चुंबकाने पितळेचा मुलामा दिलेलं लोखंड लगेच कळतं. भिंग लागतं ते तसबिरींसाठी. राजा रविवर्म्याने १८९४ साली मुंबईत छापखाना काढला, पुढे तो लोणावळ्याजवळ मळवलीला गेला, आणि त्या छापखान्यातल्या लक्ष्मी-सरस्वती कोकणातल्या ओट्या-माजघरांत येऊन बसल्या. आता त्यांच्या नव्या नकला जुन्या चौकटीत घालून विकतात. चौकट बघून फसायला होतं, कारण ती खरीच जुनी असते. भिंग लावून चेहऱ्याचा भाग पाहावा. ऑफसेटच्या छपाईत सारख्या अंतरावरच्या ठिपक्यांची शिस्तीत मांडलेली फुलं दिसतात. शिळाछापात ठिपके हाताने टाकलेले, कुठे दाट, कुठे विरळ, एकासारखा दुसरा नाही.

लाकडाचं वय पुढून कळत नाही, पाठीमागून कळतं. कपाटाचा खण बाहेर काढून उलटा करावा. हाताच्या करवतीच्या तिरक्या, असमान रेघा असतील तर बरं चिन्ह. अधिक-चिन्हाच्या खाचेचे स्क्रू दिसले तर निदान तेवढी दुरुस्ती अलीकडची. फणसाचं लाकूड वरून काळपट तांबूस झालेलं असलं तरी आतल्या बाजूला जरासं खरवडलं की हळदीसारखं पिवळं निघतं. काळं पॉलिश फासून शिसवी म्हणून गळ्यात मारलेली खुर्ची नुसती उचलून पाहिली तरी पुरतं. शिसवी खुर्ची एका हाताने सहज उचलवत नाही.

पितळेत झिजेकडे बघायचं. खरी झीज हात जिथे लागतो तिथेच असते. अडकित्त्याच्या मुठीला आतून, कळशीच्या काठाखाली बोटं अडकतात तिथे, समईच्या बैठकीच्या कडेला. जुनी दिसावी म्हणून आम्लात बुडवून काढलेली नवी समई सगळीकडे सारखीच म्हातारी झालेली असते, आणि तिचा हिरवा थर ओल्या बोटाला लागतो. मोठ्या हंड्याच्या पोटावरून तळवा फिरवला की ठोक्यांच्या ओळी जाणवतात. पत्र्याचे दोन भाग दातेरी कडांनी एकमेकांत अडकवून झाळलेले असतील, तर तो जोड करवतीच्या दात्यांसारख्या नक्षीने अंगावर उमटलेला दिसतो. तांबटाची ही सही. यंत्रावर ओढलेल्या भांड्याला असा जोड नसतो.

पण तांबटापेक्षा मोठी सही असते ती नावाची. आपल्याकडे भांड्यावर नाव घालायची रीत आहे, आणि मला वाटतं, आपल्या बायकांचा एवढा लेखी पुरावा दुसरीकडे कुठे क्वचितच असेल. जमिनीच्या कागदावर जिचं नाव नाही, तिचं नाव लग्नात आलेल्या परातीवर आहे, सासरच्या आडनावासकट, गावासकट. छिन्नीने टिंबटिंब ठोकून घातलेलं. ब्रशने काळं काढलं की आधी ‘सौ.’ दिसतं, मग नाव, मग ‘शके १८६७’. त्यात अठ्ठ्याहत्तर मिळवायचे: १९४५. युद्ध संपलं त्या सालातलं लग्न. म्हणून आमसुलाच्या पाण्याने भांडं जरूर घासावं, पण नावावर तार-घासणी कधी मारू नये. दुकानदार बफ मारून लखलखीत करतात तेव्हा पहिलं जातं ते हेच. २२ जुलै २०२१ च्या पुरानंतर चिपळूणच्या भंगारात चिखलाने भरलेली भांडी ढिगाने आली होती. त्या महिन्यात मी काही घेतलं नाही. ओळखीच्या भंगारवाल्यांना एवढंच सांगितलं की नावाची भांडी वेगळी ठेवा. काहींची माणसं शोधत आली आणि घेऊन गेली.

आता ज्या वाटीवरून हे सगळं लिहायला बसले तिच्याबद्दल. शृंगारतळीला भंगारात एका डब्यात मोडके नळ, बिजागऱ्या, कंदिलाच्या टोप्या अशी गर्दी होती. त्यात ओगलेवाडीच्या ‘प्रभाकर’ कंदिलाचं काही सापडतंय का ते मी बघत होते. कराडजवळचा तो काचकारखाना १९१६ मधला, आणि वीज यायच्या आधी त्याच्या कंदिलांनी इथल्या कितीतरी पडव्या उजळल्यात. कंदील मिळाला नाही. डब्याच्या तळाशी तांब्याची एक वाटी होती. पत्रा पातळ, तळ गोल, त्यामुळे जमिनीवर धड बसेना. उजेडाकडे धरली तर तळाला बरोबर मधोमध सुईच्या टोकाएवढं छिद्र.

“भोक पडलंय काकी,” भंगारवाला म्हणाला. “त्याचं काय घेऊ? तशीच न्या.”

फुकट मी काही नेत नाही. त्यामागे तत्त्व आहे आणि व्यवहारही. फुकट दिलेल्या वस्तूसारखी दुसरी वस्तू आली तर तो ती वेगळी काढून ठेवत नाही. वजनाचे पैसे दिले, वर थोडे दिले आणि सांगितलं की ही काय आहे याचा मला अंदाज आहे, खात्री झाली की येऊन सांगेन.

अंदाज होता, पण एक शंका होती. पिंडीवर टांगायची गळती, म्हणजे अभिषेकपात्र, त्यालाही तळाला छिद्र असतं. असगोलीत आमच्या ओळखीच्या एक आजी आहेत, नव्वदीच्या उंबऱ्यावरच्या. त्यांच्या हातात वाटी दिली. त्यांनी डोळ्यांनी कमी आणि बोटांनी जास्त पाहिली. “गळती नव्हे गो ही. गळतीला कड्या असतात लटकवायला, आणि तिचं भोक मोठं. हे घटिकापात्र. माझ्या लग्नात भटजींनी घंगाळात सोडलं होतं.”

घरी येऊन आधी आमसुलाच्या पाण्यात भिजत ठेवली. छिद्रात सुई घालायची नाही, हे कळत होतं; छिद्र कणभर मोठं झालं की तिचा जन्म वाया गेला. हिरवा थर आपोआप सुटू दिला. मग घंगाळ भरलं, वाटी अलगद पाण्यावर ठेवली आणि घड्याळ घेऊन बसले. तळातून पाण्याचा एक बारीक कोंब वर येतो, केसासारखा, आणि तो थांबत नाही. दहा मिनिटांपर्यंत काही घडतंय असं वाटतच नाही. मग वाटी जड होते, संथ होते, कड पाण्याच्या बरोबरीला येते. तेवीस मिनिटं उलटून गेली आणि चोविसावं पुरं व्हायच्या आत ती एकदम खाली गेली. घंगाळाच्या तळावर टण्णकन आवाज झाला. एक घटका म्हणजे चोवीस मिनिटं. अहोरात्राच्या साठ घटका. इतकी वर्षं वापरात झिजलेल्या छिद्राने अर्ध्या मिनिटाचाही फरक केलेला नव्हता. सूर्योदयापासून घटका मोजत मुहूर्त गाठायचा तो याच्यावर. भास्कराचार्यांच्या लीलावतीची कथा लहानपणी ऐकलेली असते. तिच्या दागिन्यातला मोती घटिकापात्रात पडला, छिद्र बुजलं आणि मुहूर्त टळला. दंतकथाच ती, पण छिद्र डोळ्यांनी पाहिल्यावर कळलं की त्याला मोतीही लागणार नाही, तांदळाची कणी पुरेल.

वस्तू स्वस्त का मिळते याचं उत्तर मला या धंद्यात पुन्हा पुन्हा तेच सापडलं आहे. ती मोडलेली असते म्हणून नव्हे. तिचा उपयोग सांगणारं माणूस घरात उरलेलं नसतं म्हणून. तांब्याचा भाव रोज वर्तमानपत्रात येतो, घटिकापात्राचा येत नाही. घासाघीस करण्याचं कौशल्य दुय्यम आहे. चार आण्यांनी कमी-जास्त कुणीही करून घेतो. खरी कमाई आजींच्या बोटांत असते, आणि ती माहिती ज्याच्याकडे आहे त्याच्यावर जबाबदारी येते. म्हणून माझे दोन वेगळे नियम आहेत. भंगारात मी खुशाल भाव करते, कारण भंगारवाल्याने वजनावर घेतलंय आणि वजनावर विकतोय, दोघांचाही तो धंदा आहे; पण वस्तू काय निघाली ते मागाहून त्याला जाऊन सांगते. हल्ली तो छिद्राचं काही आलं की बाजूला ठेवतो. घरात मात्र उलटं. घरात, ओटीवर बसून, चहा पिऊन खरेदी करायची तर भाव ठरायच्या आधी सांगायचं, ‘ही अमुक आहे, मुंबईत हिचे इतके येतील, मी इतके देऊ शकते.’ त्यावर कित्येकदा घरची माणसं म्हणतात, मग राहू दे, आम्हीच ठेवतो. वस्तू हातची जाते. मला त्याचा आनंदच होतो. ज्याला नाही होत त्याने घराच्या पायऱ्या चढू नयेत, असं माझं स्पष्ट मत आहे.

देव मी घेत नाही. देवघरातले टाक, देवळातली घंटा, दगडी मूर्ती, काहीही सांगून आणलेलं असो. देवळाची वस्तू भंगारात दिसली तर ती विकत घेऊन ‘वाचवायची’ नसते. देवस्थानाला आणि पोलिसांना कळवायची असते. १९७२ चा पुरावशेषांचा कायदाही माहीत असावा. शंभर वर्षांवरच्या मूर्ती, चित्रं, नाणी वगैरे त्यात येतात, हस्तलिखितांना पंचाहत्तर वर्षांची मर्यादा आहे. काहींची नोंद करावी लागते, व्यापाराला परवाना लागतो, आणि अशी वस्तू खाजगी माणसाला देशाबाहेर नेता येत नाही. हस्तिदंत तर हातातही धरू नये. मोडी लिपीतले कागद ट्रंकेच्या तळाला निघतात आणि रद्दीत जातात, ते पाहून पोटात कालवतं. इतिहाससंशोधक राजवाडे गावोगाव फिरून दप्तरं गोळा करत होते, त्यांच्याच पुढाकाराने १९१० साली पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळ उभं राहिलं. आज तो कागद कुणाला दाखवायचा हे घरच्यांना ठाऊक नसतं. निदान एक फोटो काढून मोडी वाचणाऱ्याला पाठवावा. तेवढं तरी व्हावं.

पुण्यात दिनकर केळकरांचं संग्रहालय बघताना मला नेहमी त्यांच्या निवडीचं कौतुक वाटतं. अज्ञातवासी नावाने कविता लिहिणारा हा माणूस विसाव्या शतकाच्या दुसऱ्या-तिसऱ्या दशकापासून दिवे, अडकित्ते, दरवाजे, स्वयंपाकघरातली अवजारं गोळा करत राहिला, कमलाबाईंनी साथ दिली, आणि लहानपणी गेलेल्या मुलाच्या, राजाच्या नावाने तो सगळा संग्रह १९७५ साली सरकारच्या हवाली केला. तलवारी-चिलखतं कुणीही जमवतं. घरातल्या बाईच्या हातातली वस्तू म्युझियमच्या काचेत जावी असं तेव्हा किती जणांना सुचलं असेल? गोव्यात बाणावलीला व्हिक्टर ह्यूगो गोम्स यांच्या ‘गोवा चित्र’मध्ये शेतीची अवजारं तशीच मानाने ठेवली आहेत. आमच्या जवळचं म्हणजे चिपळूणचं लोकमान्य टिळक स्मारक वाचन मंदिर, १८६४ सालचं. तिथे कोकणातल्या वस्तूंचं दालन आहे. माझ्याकडच्या ज्या वस्तूंचं नाव, गाव आणि वापर तिन्ही नोंदवलेलं आहे, त्या मी टप्प्याटप्प्याने अशाच ठिकाणी देणार आहे. ज्यांची नोंद नाही त्या द्यायला मन घेत नाही. नुसती वस्तू देऊन आपण त्यांना आणखी एक भोक पडलेली वाटी देतो.

येत्या मे महिन्यात पालशेतकडचं एक घर उतरणार आहे. घरच्या आत्याबाई ठाण्याहून येणार आहेत, ऐंशी ओलांडलेल्या, लग्नाआधीची सगळी वर्षं त्याच घरात वाढलेल्या. भंगारवाल्याला दोन दिवस उशिरा बोलवायचं, माळ्यावरची एकेक वस्तू खाली आणून आत्याबाईंना दाखवायची आणि त्या सांगतील ते वहीत लिहून घ्यायचं, एवढं घरमालकांनी कबूल केलंय. कुणी काय विकायचं, काय ठेवायचं, हे त्यानंतर.