भीतीचा धंदा

नवेगावबांधला येणारी माणसं दोन प्रकारची. एक पक्षी बघणारी आणि दुसरी, पक्षी बघणाऱ्यांबरोबर आलेली. मी दुसऱ्या प्रकारातला. पण अंधार पडला, तळ्याभोवतीचे 'सात बहिणी' डोंगर काळेठिक्कर झाले, की दोन्ही पक्ष एकत्र येतात आणि भुतांच्या गोष्टी सुरू होतात. जंगलात धडधडीत वाघ असताना भुताला घाबरणं हा खरं म्हणजे वाघाचा अपमान आहे!

अशीच एक गोष्ट १९९३ साली जवळच्याच नागझिऱ्यात राही अनिल बर्वे या मुलाला त्याच्या मित्रानं सांगितली. गोष्ट होती नारायण धारपांची. आपणही घाबरतो, पण आपली भीती सकाळच्या चहाबरोबर उतरते. याची उतरलीच नाही. १९९७ साली, अठराव्या वर्षी, त्यानं पटकथेचा पहिला खर्डा लिहिला. पुढं सातशे पानांचा स्टोरीबोर्ड केला. म्हणजे आपल्या भाषेत, सातशे पानांची चित्रकथा, आणि तीही छापायला कुणी मागितलेली नाही! निर्माते आले, निर्माते गेले. २०१२ साली चित्रीकरण सुरू झालं आणि 'तुंबाड' पडद्यावर आला १२ ऑक्टोबर २०१८ला. एका रात्रीची भीती पंचवीस वर्षं पुरली. एवढ्या अवधीत आमच्या नात्यातली मुलं बँकेत चिकटून, कर्ज काढून, फ्लॅट घेऊन, स्वेच्छानिवृत्तीचे फॉर्म भरायला लागली.

लग्नाच्या बाजारात अशा माणसाचं काय होत असेल?

"मुलगा काय करतो?"

"घाबरवतो."

"ते झालं हो, पण पोटापाण्याचं काय?"

धारपांचं तरी काय वेगळं झालं? आमच्या घरी काचेच्या कपाटात खांडेकर असत आणि उशीखाली धारप. पाहुणे आले की खांडेकर दाखवायचे. पाहुणे झोपले की धारप काढायचे. वाचनालयातली त्यांची पुस्तकं वाचून वाचून खिळखिळी झालेली, पण साहित्याच्या पंगतीत त्यांचं पान शेवटच्या ओळीत. ते २००८ साली गेले. जंगलात कुणीतरी कुणालातरी सांगितलेल्या आपल्या गोष्टीतून काय उगवलं, हे त्यांना बघायला मिळालं नाही. हे मात्र मला हसण्यावारी नेता येत नाही.

नवेगावचा बांध अठराव्या शतकाच्या सुरुवातीला कोलू पाटील कोहळी यांनी घातला, असं सांगतात. लोकांनी त्यांना 'कोलासुर देव' केलं. तळ्याजवळ त्यांचं ठाणं आहे. पाणी अडवणाऱ्याचा देव होतो. झोप उडवणाऱ्याचा होत नाही. त्याला फार तर पुन्हा प्रदर्शन मिळतं. 'तुंबाड' २०२४ साली परत लागला, तेव्हा पहिल्यापेक्षा जास्त गर्दी झाली.

सौभाग्यवतींना हे सगळं सांगितलं. ती म्हणाली, "अहो, ते राहू द्या. आधी दाराची कडी लावा."

धारपांना याहून मोठा पुरस्कार कोणता द्यायचा?