झाडांना राग येतो तेव्हा

मंडळी, आज राजकारण नाही. म्हणजे आहे थोडं, पण शेवटी.

टॉल्किन नावाच्या इंग्रज लेखकाचा शेक्सपिअरच्या 'मॅकबेथ'वर शाळेपासूनचा राग. त्यात भाकीत असतं की जंगल चालून येईल तेव्हा राजा हरेल. पोरगा वाट बघतोय, आता झाडं चालणार! निघालं काय, तर फांद्या हातात धरलेले सैनिक. झाडं खरोखर लढाईवर निघतील अशी गोष्ट लिहायची ओढ तेव्हापासूनची, हे त्यानेच पुढे लिहून ठेवलंय. ती हौस त्याने 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मध्ये भागवली. १९५४ साली आलेल्या पहिल्या दोन भागांपैकी दुसऱ्यात झाडं चालतात. सिनेमा अनेकांनी पाहिला असेल.

त्यात 'एंट' आहेत, झाडांचे राखणदार आणि दिसायलाही झाडांसारखेच. सगळ्यात म्हातारा ट्रीबिअर्ड, आपल्या भाषेत दाढीवाले आजोबा. यांना घाई अजिबात खपत नाही. लढायचं की नाही हे ठरवायला तीन दिवस सभा चालते. (आमच्या पालिकेच्या सभेत चहा यायच्या आत सगळे विषय मंजूर होतात.)

शेजारी सारुमान नावाचा जादूगार भट्ट्या पेटवायला जंगल तोडतोय. आजोबांचं दुःख असं, की त्यातली कित्येक झाडं त्यांनी बीपासून वाढताना पाहिलेली, त्यांना स्वतःचा आवाज होता. आणि काही झाडं तर जळणासाठीही नाही, नुसती पाडून कुजायला टाकलेली. हा राग हळूहळू चढतो. वडाची मुळं भिंत फोडायला पिढ्या घेतात, तेच काम एंट मग काही क्षणांत उरकतात.

मला पटतं ते हे, की टॉल्किनची झाडं साधुसंत नाहीत. याच गोष्टीत दुसरं एक जुनं जंगल आहे. तिथे हॉबिट लोकांनी कधीकाळी झाडं तोडून जाळलेली, आणि ते जंगल अजून डूख धरून आहे. आपल्याकडे शकुंतला सासरी निघाली की वेली पानं गाळतात, झाडं दागिने देतात. आपलं झाड रडतं, देतं, पण चिडत नाही. पिंपळावर कुऱ्हाड चालवायला माणूस कचरतो तोही मुंजाला भिऊन, पिंपळाला नाही.

खऱ्या जगातलंही सांगतो. २०२३ मध्ये इस्रायलच्या तेल अवीव विद्यापीठातल्या संशोधकांनी दाखवलं, की पाणी तोडलेली किंवा खोड कापलेली टोमॅटो-तंबाखूची रोपं टिकटिक आवाज करतात. तासाला तीस-पन्नास वेळा, पण आपल्या कानाला न ऐकू येणाऱ्या पट्टीत. याला रडणं म्हणू नका. पाणी वाहणाऱ्या नळ्यांत बुडबुडे फुटत असावेत. पण आवाज आहे.

आता राजकारण. स्टँड ते कोर्ट रस्ता रुंद होतोय. व्हायलाच हवा, शाळा सुटल्यावर तिथे काय होतं ते मी रोज बघतो. पण राज्याचा १९७५ चा शहरी वृक्षसंरक्षण कायदा सांगतो, की झाड तोडायची जाहीर नोटीस पेपरात द्या आणि त्या झाडावरही लावा. पेपरातली सापडली, टेंडरांच्या गर्दीत, भिंग लावून वाचावी अशी. झाडांवरची बघायला काल संध्याकाळी चालत गेलो. नंबर टाकलेली ४१ झाडं मोजली, कडुलिंब, चिंच, एक वड. कागद एकावरही नाही. नंबर मात्र पांढऱ्या रंगात ठळक.

आणि मागच्या वर्षी 'तातडीने' पाडलेल्या चिंचा? विश्रामगृहामागे जाऊन बघा. ओंडके तिथेच पडलेत, वाळवी लागलीय.

हरकत साध्या कागदावर लिहा. दोन प्रती न्या, एकीवर आवक शिक्का मारून परत घ्या. झाडाचा नंबर टाकायला विसरू नका. वडाचा १७ आहे.