पहिला श्वास

शिरोड्याच्या वेळागरावर पहाटे सुरूच्या पानाच्या टोकाशी दवाचा थेंब लोंबतो. पाण्याचा पृष्ठभाग स्वतःस आकसून घेतो, म्हणून तो गोल.

हीच ओढ आपल्या फुप्फुसांतही असते. तेथील कोट्यवधी ओलसर वायुकोश तिच्यामुळे मिटून जावयाचे. परंतु निसर्गाने दिलेला स्निग्ध लेप ती ओढ सैल करतो. फार लवकर जन्मलेल्या बाळापाशी ही शिदोरी अपुरी असते. त्याला प्रत्येक श्वास पहिल्या श्वासाइतकाच जड जातो.

हे उणेपण १९५९ साली मेरी एलेन अ‍ॅव्हरी व जेअर मीड यांनी ओळखले. १९८० साली जपानमध्ये डॉ. फुजिवारा यांनी गाईच्या फुप्फुसांपासून केलेला लेप दहा बाळांच्या श्वासनलिकेत सोडला आणि त्यांचा श्वास सुलभ झाला.

गाय दूध देते, हे सर्वांस ठाऊक. तिने श्वासही दिला, हे थोड्यांस!